पाक आधी गार होऊ दे

माझ्या आईने माझ्या हातची वाटी बाजूला सारली आणि दुसऱ्या दिवशी एका परक्या बाईच्या हातची वाटी चाटूनपुसून खाल्ली. तेव्हा माझ्या पोटात जे दुखायला लागलं त्यावर ओवा चालला नाही की गोळी चालली नाही.

वाटीत होती पाकातली फळं. पदार्थ म्हणाल तर काहीच नाही. साखरेचा पातळ पाक करायचा, गार करायचा, त्यात सफरचंद, पेअर, द्राक्षं, संत्र्याच्या फोडी घालायच्या आणि वाटी थंडगार करून खायची. पण आमच्या घरात या पदार्थाला जरा मान होता, कारण त्याच्यावर आम्ही जेवलो, शिकलो आणि लग्नं करून आपापल्या घरी गेलो. आईचा गाडा होता, पोहण्याच्या तलावाच्या फाटकाबाहेर. तीस वर्षं तिने तिथे काचेच्या वाट्यांतून पाकातली फळं विकली. लाल डोळ्यांची, ओल्या केसांची पोरं तलावातून निघायची ती थेट गाड्यावर. टॉवेल खांद्यावर, दात कडकड वाजताहेत, आणि तरी वरून गार फळं हवीत!

मी नवव्या वर्षापासून तिच्या हाताखाली कापायला होते. तिचे नियम देवाच्या नियमांहून कडक. सफरचंद चिरलं की त्याच क्षणी लिंबू. द्राक्ष उभं कापायचं, आडवं नाही. संत्र्याची एकही बी राहता कामा नये. वाटीत चमचा घालून ढवळायचं नाही, वाटीच हलक्या हाताने फिरवायची. आणि सगळ्यात मोठा नियम : पाक आधी गार होऊ दे. गरम पाक फळांवर ओतला की फळं माना टाकतात. ही चूक करणाऱ्याला तिच्या राज्यात माफी नव्हती.

चुकलं की ती ओरडायची, “वेंधळी!” पलीकडे पोहणारा माणूससुद्धा डोकं वर काढून बघायचा. अकराव्या वर्षी माझ्या हातून एका वाटीत संत्र्याच्या तीन बिया राहिल्या. नेमकी ती वाटी पोहायला शिकवणाऱ्या सरांची. ती माझी शेवटची वेंधळी. त्यानंतर माझ्या हातून बी राहिली नाही.

तेच पुढे पोटाला कामी आलं. मी शर्टांच्या कारखान्यात तपासणीला आहे. दिवसभर शिवलेले शर्ट समोर येतात, मी चूक शोधते आणि तिथे लाल बाणाची चिकटी लावते. सुटलेला टाका, तिरकी कॉलर, खालीवर झालेलं काज. बावीस वर्षांत माझ्या नजरेतून काही सुटलं असं कुणी म्हणू शकणार नाही. आमचे हे म्हणतात, “बरं झालं, माझ्याशी लग्न करायच्या आधी तुला ही नोकरी नव्हती.”

तर आई गेल्या हिवाळ्यात न्हाणीघरात पडली. खुब्याचं हाड मोडलं. ऑपरेशन झालं, वॉकर धरून चालायलाही लागली, पण जेवण सुटलं. बोलणंही आटलं. काय देऊ? “काही नको.” काय झालं? “काही नाही.” गाडा चालवणारी बाई, जिच्या आवाजाने तलावाच्या भिंतीवरची कबुतरं उडायची, ती माझ्याशी दोन दोन शब्दांत बोलायला लागली. वजन एक्केचाळीसवर आलं. डॉक्टर म्हणाले, “चाळीसच्या खाली जाऊ देऊ नका. गेलं तर दवाखान्यात ठेवून नळीने अन्न द्यावं लागेल.” आईने ते ऐकलं आणि भिंतीकडे तोंड केलं.

मी कारखान्यात जाणार, हे शाळेची बस घेऊन जाणार, म्हणून दिवसभरासाठी एक बाई ठेवली. बाई कसली, पोरगीच. तीसही नसेल. केसांतून निसटलेल्या बटा, ओढणीचं एक टोक कायम जमिनीला, आणि चालताना दाराची कडी हमखास कोपराला लागणार. बोलायला मात्र गोड. पहिल्याच दिवशी मी तिला सगळं लिहून दिलं : औषधं, वेळा, व्यायाम. तिने कागद घेतला आणि त्याच कागदावर चहाचा कप ठेवला.

पंधरवड्यात त्या पोरीने माझी आई पळवली.

दुसरा शब्द नाही माझ्याकडे. मी संध्याकाळी घरी यायचे तर आईचे गाल लाल, पदर ओला, ताटलीत फळांच्या साली, आणि फ्रिजमध्ये अर्धं भांडं पाकातली फळं. मी झाकण काढून बघायचे. काय सांगू! सफरचंद गंजल्यासारखं तपकिरी. द्राक्षं आडवी. पेअरच्या फोडी एक बोटभर, एक नखाएवढी. पाक गढूळ. शर्ट असता तर चिकट्यांनी नुसता लाल झाला असता.

“आई, हे खाल्लंस तू?”

“हो.”

“असलं?”

“वाटीभर.” आणि डोळे मिटले.

आदल्याच रविवारी मी स्वतः केलं होतं. पाक रात्रीच करून ठेवलेला, फळं एका मापाची, तोंड बघावं असा स्वच्छ पाक. त्यातले दोन चमचे खाऊन तिने वाटी सारली होती. आणि या वेंधळीचं वाटीभर! तिला वेंधळी मी म्हणत नाही हं, आईच म्हणायची. “आज माझी वेंधळी लवकर गेली,” असं. माझी! मी ऐकलं आणि हातातला पेला इतक्या जोरात ठेवला की ह्यांनी वर्तमानपत्र खाली केलं.

“नाकाला मिरच्या झोंबल्या का?” ह्यांनी विचारलं.

“मला कशाला झोंबतील? आई जेवतेय, आनंदच आहे.”

“तोंडावर दिसतोय आनंद.”

“अहो, पोटच्या पोरीच्या हातचं गोड लागत नाही आणि...”

“आईचं वजन किती झालं?”

“साडेबेचाळीस,” मी म्हटलं. दीड किलो वाढलं होतं. आईच्या वाढलेल्या वजनाचा मत्सर करणारी मुलगी मी जगात एकटीच असेन.

मग माझ्या डोक्यात शंकेची पाल चुकचुकली. पोरगी दुप्पट साखर घालत असेल. नाहीतर आईला लाडीगोडी लावून काही पदरात पाडून घ्यायचं असेल. एके दिवशी जेवणाच्या सुट्टीतच डोकं दुखतंय म्हणून निघाले आणि घराचं दार आवाज न करता उघडलं. स्वतःच्या घरात चोरासारखी शिरले.

स्वयंपाकघरातून आवाज येत होता. मी बोळात थांबले.

“अगं ए वेंधळे! काय करतेस? खाली ठेव ते पातेलं, खाली ठेव!”

“ओतू नको का, आजी?”

“वाफा दिसत नाहीत तुला? कपाळावर डोळे आहेत की शर्टाची बटणं? पाक आधी गार होऊ दे! गरम पाक ओतलास तर फळं माना टाकतील. किती वेळा सांगायचं!”

“विसरले.”

“विसरली म्हणे. डोकं तरी आणलंस का घरून? आण इकडे ती सुरी. हे द्राक्ष आहे. हे असं उभं. हं. आता तू कर. अगं बोट! बोट काढ मधून, बोटाचा पाक नाही करायचाय!”

आणि मग दोघी हसल्या. आई हसली. खोकला येईपर्यंत हसली.

मी दाराच्या फटीतून बघितलं. आई खुर्चीत ताठ बसलेली, मांडीवर ताट, हातात सुरी, आणि तीन महिन्यांत मला जेवढे शब्द मिळाले नव्हते तेवढे त्या पोरीवर धो धो बरसत होते. शिव्याच होत्या सगळ्या. पण माझ्या हक्काच्या होत्या. कुणी आपले दागिने घालून समोरून ठुमकत जावं तसं मला झालं.

मी आत गेले. बोलायला कारण तर हवं होतं, ते आईच्या हातात चकाकत होतं.

“सुरी दिलीस तू हिच्या हातात? गोळ्यांनी हात थरथरतात हिचे! तुला काम सांभाळायला ठेवलंय की हिच्याकडून काम करून घ्यायला?”

पोरगी उठून उभी राहिली. ओढणीला पाक लागलेला. “ताई, आजींनीच मागितली...”

“उद्यापासून आठवडाभर येऊ नकोस. मी रजा टाकते. पुढचं मग बघू.”

आईने सुरी ताटात ठेवली, हात पदराला पुसले आणि म्हणाली, “मला आत घेऊन चल.” त्यापेक्षा नेहमीचे दोन शब्द परवडले असते.

आठवडाभर मी कंबर कसली. बाजारात जाऊन एकेक फळ हुंगून आणलं. पाक असा की बोटाला जेमतेम चिकटेल, तार येणार नाही. आधी तो गार केला, मग फ्रिजमध्ये ठेवला, मगच फळांवर घातला. एक बी नाही, एक डाग नाही. आईची जुनी काचेची वाटी शोधून काढली, कडेला बारीक टवका उडालेली. तिच्यात वाढून मी तिच्यासमोर अशी उभी राहिले, जशी नवव्या वर्षी राहत असे.

पहिल्या दिवशी चार चमचे. दुसऱ्या दिवशी तीन. तिसऱ्या दिवशी तिने एक द्राक्ष खाल्लं आणि विचारलं, “ती कुठेय?”

“रजेवर आहे.”

“बरी आहे ना?”

“ठणठणीत आहे. तू खा.”

सहाव्या दिवशी आईला काट्यावर उभं केलं. एक्केचाळीस पॉइंट दोन. मी काटा हलवून बघितला, सरळ फरशीवर ठेवून बघितला, स्वतः उभी राहून बघितलं. काटा बरोबर होता. माझं वजन बघून तर खात्रीच पटली.

त्या दुपारी मी वाटी घेऊन तिच्या पलंगावर बसले. “आई, खरं सांग. काय कमी आहे यात?”

तिने वाटी उजेडात धरली, फिरवली. पाक झुंबरासारखा चमकला. “काही कमी नाही गं. तुझ्या कामात कुठे काय कमी असतं?”

“मग खात का नाहीस?”

“सगळं झालेलंच आहे यात,” ती म्हणाली. “मी काय करू?”

एवढं बोलून तिने वाटी माझ्या हातात परत दिली. मी ती वाटी घेऊन स्वयंपाकघरात आले आणि स्वतःच खाल्ली. चांगली झाली होती. खरंच फार चांगली झाली होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी पोरीला फोन केला. ती लगेच आली, अर्ध्या तासात. दाराची कडी कोपराला लागलीच. आई आत झोपली होती. मी तिला स्वयंपाकघरात बसवलं, चहा दिला आणि घसा खाकरला. माफी मागायची सवय नसली की घसा फार वेळ खाकरावा लागतो.

“तुझं खाते गं ती. माझं नाही खात. तू काय करतेस ते मला शिकव.”

ती कपात बघत राहिली. “रागावणार नाही ना?”

“रागावून झालंय माझं.”

“पहिल्यांदा ना ताई, खरंच चुकलं. मला कुठे येतंय हे! मी गरमच पाक ओतला. आजी आतून बघत होत्या, पलंगावरून ओरडल्या. तोपर्यंत चार दिवस त्या एक शब्द बोलल्या नव्हत्या. ओरडल्या, स्वतः उठल्या, वॉकर घेऊन इथपर्यंत आल्या, मला दाखवलं, आणि मग ते बिघडलेलं चाखून बघितलं. कितपत बिघडलंय म्हणून. चाखता चाखता वाटी संपली.” तिने चहाचा घोट घेतला. “दुसऱ्या दिवशी मी नीट केलं, तर खाल्लंच नाही. म्हणून तिसऱ्या दिवसापासून...”

“मुद्दाम?”

“बसमध्ये येताना ठरवते, आज काय चुकायचं ते. तेवढ्या चुका सुचत नाहीत हो ताई. आडवी द्राक्षं झाली, लिंबू विसरून झालं, चमच्याने ढवळून झालं. सारखं गरम पाक किती वेळा करणार? त्यांनाही कंटाळा येईल.” मग तिने जरा घाबरतच विचारलं, “तुम्ही लहानपणी त्यांच्या गाड्यावर होतात ना? तुमच्या काय काय चुका झाल्या होत्या?”

मला हसावं की रडावं कळेना. बावीस वर्षं लोकांच्या चुका शोधण्याचा पगार घेतला. माझ्याकडे कुणी माझ्या चुका मागितल्या नव्हत्या.

मी सांगायला लागले. साखरेऐवजी मीठ. खरबूज सालीसकट. पाक उतू जाऊन विझलेली शेगडी. केळं सगळ्यात आधी कापून काळं करून ठेवलेलं. पेअर सोलताना सालीबरोबर अर्धं पेअर. ती बोटांवर मोजत होती, डोळे चमकत होते. प्रत्येक चुकीबरोबर आईचं एकेक ओरडणं मला आठवत होतं, आणि प्रत्येक मी उचलून त्या पोरीच्या ओटीत घालत होते. माझं बालपण दुसरीला घालायला देत होते म्हणा ना. जीव तुटत होता.

“अजून?” ती म्हणाली.

“संपल्या,” मी म्हटलं.

एक मी ठेवून घेतली होती. संत्र्याच्या तीन बिया.

ती कामावर परत आली आणि मी कारखान्यात. बुधवारी आईने ह्यांना सांगितलं, “जावईबापू, आमच्या वेंधळीने आज पाकात मीठ घातलं!” सांगताना तिला इतकं हसू येत होतं की ह्यांनी चष्मा काढून पुसला. मीही हसले, जरा उशिरा.

रविवार उजाडला. रविवार माझा. पोरीला सुट्टी. मी आईला म्हटलं, “आज इथेच बस, स्वयंपाकघरात.” खुर्ची ओट्याजवळ ओढली. तिने भुवया उंचावल्या, पण बसली.

मी शेगडीवर पाक ठेवला आणि फळं घेतली. सफरचंद, लिंबू. द्राक्षं, उभी. मग संत्रं. फोडींवरचं पांढरं काढलं, बिया काढल्या, आणि त्यातल्या तीन वेगळ्या ठेवल्या. आता बघा, बी राहणं वेगळं आणि बी ठेवणं वेगळं. कुठे ठेवू? वर दिसली तर नाटक कळणार. तळाशी गेली तर आई तिथपर्यंत खाणारच नाही. एक फोडीच्या आत सरकवली. दुसरी बाहेर आली, पुन्हा दाबली. तिसरी कशीबशी द्राक्षाखाली लपवली. मग पाक ओतला, वाटी फिरवली आणि आईच्या हातात दिली.

आईने पहिलीच फोड तोंडात घातली. चावली. थांबली. दोन बोटांनी बी काढली आणि उजेडात धरली.

“ही तू ठेवलीस,” ती म्हणाली.

“नाही! राहिली असेल.”

“तुझ्या हातून बी राहते होय? ती मीठवाली शिकवून गेली वाटतं तुला.”

माझा चेहरा पडला. “तुला माहीत आहे? ती मुद्दाम करते ते?”

“आंधळी आहे का मी? इतकं कुणी चुकत नाही. एक माणूस एका आठवड्यात मीठ घालेल, केळं काळं करेल आणि शेगडीही विझवेल?”

“मग ओरडतेस कशाला तिच्यावर?”

“बिचारी इतकी मेहनत घेते चुकायला. वाया घालवू?” तिने बी ताटलीत ठेवली. “तिला जमतं. ती मुळातच वेंधळी आहे. तुझं ते काम नव्हे.”

झालं. चुकण्यातही ती पोरगी माझ्यापेक्षा हुशार निघाली. माझ्या डोळ्यांत पाणीच आलं. इतकी मोठी बाई, केस पांढरे व्हायला लागलेले, आणि तीन बियांसाठी रडायला आले. मी वाटी परत घ्यायला हात पुढे केला.

आईने वाटी सोडली नाही. तिचा अंगठा काचेवरून फिरत होता. मग तिने दुसऱ्या हाताने वाटीला खालून स्पर्श केला. वाकून बघितलं. द्राक्षं मलूल झाली होती. पेअरच्या फोडींनी माना टाकल्या होत्या.

“ही वाटी गरम का आहे?”

मी शेगडीकडे बघितलं. पातेल्यातून अजून वाफ निघत होती. बिया लपवायच्या नादात मी शेगडीवरचं पातेलं तसंच उचललं होतं आणि ओतलं होतं. चाळीस वर्षांत जी चूक मी झोपेतही केली नसती, ती.

“आई,” मी म्हटलं, “ही... ही खरंच...”

आईने माझ्या तोंडाकडे बघितलं. तिला पटायला तेवढं पुरलं. तिची पाठ ताठ झाली, छाती भरली, आणि बाहेर बस पुसत असलेले आमचे हे फडकं टाकून खिडकीशी येतील अशा आवाजात ती ओरडली :

“वेंधळी! घोडी झालीस, तरी वेंधळी ती वेंधळीच! पाक आधी गार होऊ दे, गार होऊ दे म्हणून घसा कोरडा केला मी, शिकलीस काय तू? हे बघ काय केलंस पेअरचं! हे बघ!” आणि काय केलंय ते दाखवण्यासाठी तिने एक फोड उचलली, खाल्ली, तोंड वाकडं केलं. मग दुसरी. “चिंधी झालीय नुसती. आणि द्राक्षं? बघू. छे, छे, छे.”

मी तिच्या पायाशी फरशीवर बसले. तिने सगळं चाखलं, एकेक दोष काढून, एकेक फोड, तळाशी गेलेल्या तिसऱ्या बीपर्यंत. ती बी तिने माझ्या तळहातावर ठेवली आणि रिकामी वाटी पुढे केली.

“आता उठ,” ती म्हणाली. “पुन्हा कर. मी बघते.”